पुस्तकाला सगळंच माहीत असेल, तर नायिकेने काय करायचं?

पत्र थोडक्यात: एक लेखिका काल्पनिक जगातली कादंबरी लिहीत आहेत. अकरा प्रकरणं लिहून झाली आहेत. कथेच्या केंद्रस्थानी जादूचं पुस्तक आहे. त्याची पानं कोरी आहेत, पण नायिकेने प्रश्न विचारला की उत्तर आपोआप उमटतं. हस्तलिखित वाचून एका मैत्रिणीने विचारलं, "मग शत्रू कुठे लपलाय हे ती सरळ विचारत का नाही?" तेव्हापासून लिखाण ठप्प आहे. लेखिकेने उत्तरं पद्यात, कोड्यात देऊन पाहिली, नेमकी मोक्याची पानं फाटलेली दाखवली, तरी जमेना. एक मित्र म्हणतो, जादूचे नियम वाचकाला स्पष्ट सांग. दुसरा म्हणतो, काही सांगू नकोस, गूढ निघून जाईल. पुस्तक "हजारो वर्षं जुनं, जाडजूड, कातडी बांधणीचं" आहे आणि शेवटी ते जाळायचं ठरलं आहे. त्या विचारतात: नियम सांगू, लपवू, की पुस्तकच काढून टाकू?

उत्तर:

तुमच्या मैत्रिणीचे आभार माना. अशा कादंबरीला विचारायचा पहिला प्रश्न तिने विचारला आहे, आणि तोही छापून होण्याआधी.

पुस्तक काढू नका. पण "सांगू की लपवू" ही निवड ज्या समजुतीवर उभी आहे ती आधी तपासून पाहू. वाचकाला कमी कळलं की गूढ वाढतं, असं तुम्ही आणि तुमचा दुसरा मित्र धरून चालला आहात. तसं होत नाही. पुस्तक काय करू शकतं हे वाचकाला कळलं नाही, तर ते काहीही करू शकतं असं तो धरतो. आणि जे काहीही करू शकतं त्याची ना भीती वाटते ना उत्सुकता. गूढ टिकतं ते पुस्तक कोणी केलं, कशासाठी केलं आणि आधी कोणाच्या हातात होतं, या प्रश्नांत. ही उत्तरं हवी तितकी उशिरा द्या, एखादं देऊच नका. पुस्तकाला काय जमत नाही, हे मात्र वाचकाला लवकर कळायला हवं.

पहिल्या मित्राचंही पूर्ण ऐकू नका. नियम सांगायचे म्हणजे एखाद्या म्हाताऱ्या गुरूने दोन पानं व्याख्यान द्यायचं असं नाही. मर्यादा घटनेतून दिसली पाहिजे, आणि नायिकेचा जीव तिच्यावर टांगला जाण्याआधी निदान एकदा, बिनमहत्त्वाच्या प्रसंगात दिसली पाहिजे. ऐन संकटात पहिल्यांदा कळलेली मर्यादा लेखकाची पळवाट वाटते. तुमच्या फाटलेल्या पानांचं तेच झालं आहे.

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. तुमच्या पुस्तकाला उत्तरं *कुठून* कळतात? पत्रात याबद्दल एक अक्षर नाही, आणि माझ्या मते सगळी अडचण तिथेच आहे. "जादूने" हे उत्तर चालणार नाही. स्रोत एकदा ठरवला की मर्यादा त्यातून आपसूक निघतात, वेगळ्या शोधून काढाव्या लागत नाहीत. समजा, त्या जगात कुठेही शाईने लिहिलं गेलेलं सगळं पुस्तकाला कळतं. मग तुमचा शत्रू काही लिहीत नाही, हुकूमसुद्धा तोंडी देतो. किंवा फक्त पुस्तकासमोर बोललेलं त्याला कळतं. मग ते आजवर कुठल्या कुठल्या खोल्यांत पडून होतं, यालाच महत्त्व येतं.

तुमच्या कथानकाला तिसरा पर्याय सर्वांत चपखल बसेल असं वाटतं: ज्यांनी ज्यांनी पुस्तक हाती धरलं, त्यांना जे माहीत होतं तेवढंच पुस्तकाला माहीत आहे. यातून काय काय निघतं पाहा. तिसऱ्या प्रकरणात नायिका विचारते, जवळची विहीर कुठे? पुस्तक अचूक जागा सांगते. ती तिथे जाते तर विहीर बुजलेली, कारण पुस्तक हाती धरलेल्यांपैकी ती शेवटची पाहणारा माणूस साठ वर्षांपूर्वी गेला. मर्यादा वाचकाला कळली, आणि कोणी समजावूनही सांगितली नाही. पुढे, समजा सातव्या प्रकरणात, ती शत्रूचा ठावठिकाणा विचारते. हो, विचारू द्या! तुमच्या मैत्रिणीचं समाधान तिथेच होईल. पुस्तक एका गावाचं नाव देतं. नायिका पोचते तेव्हा शत्रू तिथे नाही. तिथे त्याचं लहानपणीचं घर आहे. म्हणजे हे पुस्तक कधीकाळी त्याच्याही हातात होतं. उत्तर चुकीचं निघालं आणि कथा पुढे सरकली.

याच नियमाला दुसरी बाजूही आहे. नायिकेने विचारलेला प्रश्नसुद्धा पुस्तकात जमा होतो. पुस्तक शत्रूच्या हाती परत गेलं, तर तिला काय माहीत आहे, काय नाही आणि कशाची भीती वाटते, हे सगळं त्याला वाचता येईल. आता प्रत्येक प्रश्न विचारण्याआधी तिला थांबावं लागेल, आणि ते थांबणं लिहिण्यासारखं आहे.

किंमत म्हणून बोटातून रक्ताचा थेंब वगैरे काढायच्या भानगडीत पडू नका. पुढच्या प्रकरणात जखम भरते आणि वाचक ती विसरतो. किंमत परत न मिळणारी हवी. "प्रत्येक उत्तरामागे एक आठवण पुसली जाते" ही कल्पना लोकप्रिय आहे, पण तिच्यात एक व्यावहारिक धोका आहे: नायिका काय विसरली हे लेखकच विसरतो, आणि नवव्या प्रकरणात ती आईचं नाव आरामात घेते. हा मार्ग घेतलाच, तर वेगळ्या कागदावर तक्ता ठेवा.

पुस्तक ही एक वस्तू आहे, हे तुमच्या वर्णनात कुठेच जाणवत नाही. "जाडजूड, कातडी बांधणीचं" एवढ्याने काम भागत नाही, आणि तुमच्या कथेला हवे असलेले निम्मे धागेदोरे या वस्तूतच मिळतील. म्हणून इथे जरा रेंगाळतो.

पान कशाचं आहे ते आधी ठरवा. चर्मपत्र असेल, तर ते चपलेच्या चामड्यासारखं कमावलेलं नसतं. कातडं चुन्याच्या पाण्यात काही दिवस भिजवतात, केस आणि मांस खरवडतात, मग चौकटीवर ताणून वाळवतात. पानाच्या दोन बाजू सारख्या नसतात: केसांची बाजू जरा पिवळसर, कधी छिद्रांची नक्षी असलेली; मांसाची बाजू पांढरी आणि मऊ. दमट हवेत हे पान फुगतं, वाकतं. म्हणून अशा पुस्तकांना जाड लाकडी पुठ्ठे आणि धातूचे आकडे लावत. ते दागिने नव्हते, पानं दाबून ठेवायची ती सोय होती. पावसाआधी तुमच्या पुस्तकाचे आकडे करकरतील आणि नायिका हळूहळू हवामान ओळखायला शिकेल. यात जादू काही नाही, पण पुस्तक जिवंत वाटेल.

मग हिशेब करा. एक ताव दुमडला की दोन पानं होतात. मोठ्या आकाराच्या पुस्तकासाठी एका मेंढीच्या कातड्यातून असा एक, फार तर दोन ताव निघतात. दोनशे पानांना शंभर ताव लागतील, म्हणजे पन्नास ते शंभर मेंढ्या. तुमच्या जगात हे कोणाला परवडत होतं? पुस्तक कोणी केलं याचं अर्धं उत्तर इथेच मिळतं. वजनाचाही विचार करा. स्टॉकहोमच्या राष्ट्रीय ग्रंथालयात असलेलं तेराव्या शतकातलं कोडेक्स गिगास सुमारे नव्वद सेंटीमीटर उंच आणि ७५ किलो वजनाचं आहे. एका भिक्षूने सैतानाच्या मदतीने ते एका रात्रीत लिहिलं अशी दंतकथा आहे. ते उचलायला एक माणूस पुरत नाही. तुमची नायिका पाचव्या प्रकरणात "प्रचंड ग्रंथ" काखेत मारून गच्चीवरून उडी घेते. ग्रंथ लहान करा, नाहीतर उडी काढा.

फाटलेल्या पानांची युक्ती टाकून देऊ नका. ती फक्त अर्धवट वापरली गेली आहे. हस्तलिखितं साधारणपणे चार ताव एकात एक दुमडून, म्हणजे आठ पानांच्या, सोळा पृष्ठांच्या जुडग्यांनी शिवली जात. यातलं एक पान फाडलं की त्याच तावाचं दुसरं अर्ध सैल पडतं किंवा शिवणीत पट्टी उरते. म्हणजे पान फाडल्याचा पुरावा राहतो, आणि चोर जाणता असेल तर तो दोन्ही पानं काढेल. शिवाय जुडगी क्रमाने लावता यावीत म्हणून अनेक लेखनिक प्रत्येक जुडग्याच्या शेवटच्या पानाखाली पुढच्या जुडग्याचा पहिला शब्द लिहून ठेवत. पूर्ण जुडगं चोरीला गेलं तरी तो एक शब्द मागे राहतो. शत्रूने सोळा पृष्ठं नेली आणि नायिकेकडे उरला एकच शब्द. तुमच्या सगळ्या पद्यांपेक्षा हे कोडं चांगलं आहे.

कसरीची भोकंसुद्धा उपयोगी पडतात. पुस्तक बंद असताना किडा आरपार पोखरत जातो, त्यामुळे लागोपाठच्या पानांवर भोकं जवळपास एकाच जागी येतात. मधल्याच एका पानावर भोक नसेल, तर ते पान नंतर घुसवलं आहे किंवा दुसरीकडून आणलं आहे असा संशय घ्यायला जागा असते. खऱ्या हस्तलिखितांच्या अभ्यासातही हा पुरावा वापरतात. तुमच्या नायिकेला जादू येत नसेल, पण भोकं मोजता येतील.

आता कोऱ्या पानांवर उमटणारी अक्षरं. इथे वास्तव तुमच्या बाजूने आहे. मायफळ (ओकसारख्या झाडावर येणारी गाठ), हिराकस (लोखंडाचा क्षार), डिंक आणि पाणी यांची शाई लिहिताना फिकट असते आणि हवा लागली की काळी होत जाते. हिराकस जास्त पडली तर तीच शाई काही वर्षांनी पान खाऊ लागते आणि अक्षराच्या जागी अक्षराच्याच आकाराचं भोक राहतं. काजळीच्या शाईचं उलट: ती पानात मुरत नाही, वर बसते, म्हणून पुसता येते. दक्षिणेकडच्या अनेक ताडपत्रांवर शाईने लिहीतच नसत. लोखंडी टोकाने अक्षरं कोरत आणि मग काजळी चोळत. काजळी चोळेपर्यंत पान जवळजवळ कोरं दिसतं. तुमची पानं खरंच कोरी आहेत, की ती कशी वाचायची हे नायिकेला ठाऊक नाही? दुसरा पर्याय मला जास्त आवडतो. पहिली चार प्रकरणं तिला वाटू द्या की पुस्तक आपल्याशी बोलतंय. पाचव्यात काजळीचा हात चुकून पानाला लागू द्या.

जुना मजकूर खरवडून त्याच चर्मपत्रावर नवा लिहिण्याची पद्धतही लक्षात घ्या. चर्मपत्र महाग होतं, म्हणून असं सर्रास होई. आर्किमिडीजच्या लेखनाची दहाव्या शतकातली एक प्रत तेराव्या शतकात अशीच खरवडली गेली आणि तिच्यावर प्रार्थना लिहिल्या गेल्या. खालचा मजकूर आपल्या काळात वेगवेगळ्या तरंगलांबीच्या प्रकाशात छायाचित्रं घेऊन वाचला गेला. तुमच्या पुस्तकाच्या उत्तरांखाली काय खरवडलेलं आहे? या प्रश्नाचं उत्तर दुसऱ्या भागासाठी राखून ठेवता येईल.

"हजारो वर्षं" या शब्दांबद्दल. हजार वर्षांत भाषा ओळखू येणार नाही इतकी बदलते. सातशे वर्षांपूर्वीची मराठी वाचताना आपल्याला शब्दार्थ लागतात, आणि ती तर आपलीच भाषा. तुमची नायिका मात्र पहिल्याच रात्री दिव्याच्या उजेडात घडाघडा वाचते. वय कमी करा. तीनशे वर्षं पुष्कळ झाली. किंवा वय तेवढंच ठेवा आणि एका क्रियापदाचा अर्थ मधल्या काळात उलटला आहे असं ठरवा. तिने "सोडव" असं वाचलं, पण पुस्तक लिहिलं गेलं तेव्हा त्याचा अर्थ "त्यागून दे" असा होता. पद्यातल्या कोड्यांपेक्षा अशी चूक प्रामाणिक वाटते, कारण पुस्तक मुद्दाम फसवत नाही. ज्याला सरळ सांगता आलं असतं आणि तरी जे यमकं जुळवत बसतं, त्या पुस्तकावर वाचक चिडतो, आणि ते बरोबरच आहे. एखादं भाकीत ठेवायचंच असेल तर आधी घटना लिहा, मग ओळी रचा. दोन्ही अर्थ व्याकरणात बसतात ना, हे तिघांना वाचायला देऊन पाहा. तिघांनाही एकच अर्थ लागला तर ओळ फसली.

लिपी नवी बनवणार असाल तर तिला शिस्त हवी. येल विद्यापीठाच्या बायनेकी ग्रंथालयातलं व्हॉयनिच हस्तलिखित घ्या. कार्बन चाचणीनुसार त्याचं चर्मपत्र १४०४ ते १४३८ या काळातलं आहे, सुमारे २४० पृष्ठं आहेत, आणि सर्वमान्य उलगडा अजून कोणालाही झालेला नाही. लोक अजून त्यामागे लागतात, कारण त्यातल्या चिन्हांना नियमितता आहे: काही चिन्हं शब्दाच्या सुरुवातीलाच येतात, काही शेवटीच, काही शब्द सतत परततात. तुमचीही पंचवीस-तीस चिन्हंच ठेवा, सात-आठ फार वापरा, आणि कादंबरीत दोन-तीन ओळींहून जास्त दाखवू नका. त्याहून महत्त्वाचं म्हणजे ही लिपी *कोणाला* वाचता येत होती ते ठरवा. महानुभावांनी आपले ग्रंथ सकळ लिपीसारख्या सांकेतिक लिप्यांत लिहिले. पंथाबाहेरच्यांसाठी ते शतकानुशतकं बंद राहिले, पण आतल्यांना त्यात गूढ असं काहीच नव्हतं, रोजचं वाचन होतं. तुमच्या जगातही कुठेतरी एखादी म्हातारी असेल जिला हे पुस्तक सहज वाचता येतं आणि ज्याला सगळे घाबरतात ते तिला जरा कंटाळवाणंच वाटतं. तिला आणा.

पुस्तकाचा आवाज सापडत नसेल तर जुन्या पोथ्यांच्या शेवटी येणारा एक श्लोक पाहा. त्यात पुस्तकच बोलतं: तेलापासून, पाण्यापासून, सैल बांधणीपासून मला सांभाळ, आणि मूर्खाच्या हाती देऊ नकोस. मला वाटतं, जादूच्या पुस्तकाने असंच बोलावं. विश्वाच्या रहस्यांपेक्षा त्याला ओल्या हातांची जास्त काळजी असावी.

शेवटी जाळण्याविषयी. चर्मपत्र कागदासारखं भडकत नाही. ते आक्रसतं, वेटोळतं, काळवंडतं, आणि केस जळल्यासारखा वास येतो. बंद पुस्तक तर फारच हळू जळतं, कारण पानांमध्ये हवा शिरत नाही. कडा कोळसा होतात आणि मधला मजकूर बराच वेळ शाबूत राहतो. "तिने ते आगीत फेकलं आणि क्षणात राख झाली" हे वाक्य त्यामुळे चालणार नाही. जाळायचंच असेल तर तिला आकडे उघडून, शिवण कापून, एकेक ताव वेगळा करून टाकावा लागेल, आणि प्रत्येक ताव हातातून जाताना डोळ्यांखालून जाईलच. असं असेल तर जाळण्याचा प्रसंग मला मान्य आहे. एरवी नाही, कथानकात बसेना म्हणून वस्तू नष्ट करणं हा शेवट नव्हे, ती आवराआवर झाली.

आता कामाला कुठून लागायचं? बाराव्या प्रकरणापासून नाही. आधी एका कागदावर पुस्तकाची जन्मपत्रिका मांडा: केलं कोणी, खर्च कोणी दिला, पान आणि शाई कशाची, आजवर कोणाकोणाच्या हातात होतं, उत्तर कुठून येतं, काय जमत नाही, विचारणाऱ्याचं काय जातं. हे एका पानात बसवा. यातलं बरंचसं कादंबरीत येणार नाही, येऊही नये. मग अकरा प्रकरणं चाळून पुस्तक जिथे जिथे उघडलं आहे त्या जागा नोंदवा: काय विचारलं, काय मिळालं, काय गेलं. तिसरा रकाना रिकामा असेल तिथे खूण करा. खूण केलेल्या प्रत्येक प्रसंगातून पुस्तक काढून पाहा. प्रसंग तरीही उभा राहत असेल तर तिथे पुस्तकाची गरजच नव्हती; नायिकेला स्वतःला डोकं चालवू द्या. एवढ्या लांबीच्या कादंबरीत पुस्तक पाच-सहा वेळा उघडलं तरी पुष्कळ. त्यातलं पहिलं उत्तर उपयोगी पडू द्या, नाहीतर ती पुन्हा का उघडेल? दुसरं बुजलेल्या विहिरीसारखं, किरकोळ चुकलेलं. तिसरं महागात पडलेलं.

हे झाल्यावर तिसरं प्रकरण पुन्हा लिहा, फक्त तेवढंच, आणि त्याच मैत्रिणीला द्या. शत्रूचा ठावठिकाणा का विचारला नाही, हे तिने आता विचारलं तर उत्तरादाखल सातवं प्रकरण तिच्या हातात ठेवा.